तुर्कमेनिस्तानला जावं का, आणि गेल्यावर कसं वागावं

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तुम्ही दोघं निवृत्त आहात, ऑक्टोबरमध्ये उझबेकिस्तानला जाताय. खीव्यापर्यंत पोचल्यावर पलीकडेच तुर्कमेनिस्तानची सीमा आहे, तर तिथला जळता खड्डा आणि पांढऱ्या संगमरवराची राजधानी बघून यावी असं तुमच्या मनात आहे. व्हिसा मिळेल का, मोकळेपणी फिरता येईल का, लोकांशी बोलता येईल का, आणि अशा देशात जाऊन पैसे खर्च करणं बरोबर आहे का, असं तुम्ही विचारलंय.

मी बरीच वर्षं मध्य आशियात मराठी ग्रुप घेऊन जाते. तुर्कमेनिस्तानात 2020 पूर्वी अनेकदा गेले. मार्च 2020 मध्ये सीमा बंद झाल्या त्या 2023 पर्यंत उघडल्या नाहीत. उघडल्यावर पुन्हा जायला लागले. माझं उत्तर आहे: जा. पण व्हिसा आणि हॉटेलच्या आधी एक गोष्ट सांगते, कारण बाकीचं सगळं तिच्यावरच उभं आहे. तिथे तुमच्या हातून चूक झाली तर तिची भरपाई बहुतेक वेळा तुम्हाला करावी लागत नाही. तुमचा फोटो डिलीट करायला लावतील, फार तर दोन तास चौकीत बसवतील. तुम्ही विमानात बसून परत याल. ज्याच्याशी तुम्ही बोललात, ज्याने तुमच्यासाठी भाषांतर केलं, ज्याच्या गाडीत तुम्ही बसला होतात, तो मात्र तिथेच राहतो.

हे मी ऐकीव सांगत नाही. 2016 साली माझ्या ग्रुपमध्ये एक निवृत्त शिक्षक होते, अतिशय सज्जन, जिज्ञासू माणूस. बाजारात टरबुजं विकणाऱ्या एका बाईंना त्यांनी विचारलं, महिन्याला किती मिळतं, घर भागतं का, सरकार काही मदत करतं का. हातात मोबाइल, व्हिडिओ चालू. गाइड तरुण होता, इंग्रजी उत्तम. पाहुण्याला नाही कसं म्हणायचं म्हणून त्याने दोन प्रश्नांचं भाषांतर केलं. बाई हसल्या, काहीतरी गुळमुळीत बोलल्या आणि पाठ वळवून टरबुजं रचू लागल्या. चार पावलांवर उभा असलेला साध्या कपड्यांतला एक माणूस आमच्याकडे बघत होता. मला तो दिसला. मी शिक्षकांना पुढे चला म्हटलं, पण उशीर झाला होता. दुसऱ्या दिवशी सकाळी हॉटेलच्या लॉबीत दुसराच गाइड उभा. पहिल्याची तब्येत बिघडली म्हणाला. नंतरच्या एकाही सहलीत तो मला भेटला नाही, आणि मी कुणाला विचारलंही नाही, कारण विचारणं म्हणजे त्याचं नाव पुन्हा एकदा कुणाच्या तरी कानावर घालणं. ती चूक त्या शिक्षकांची नव्हती, माझी होती. विमानात बसण्यापूर्वी मी हे सगळं नीट समजावून सांगायला हवं होतं. तेव्हापासून सांगते. तुम्हालाही म्हणूनच आधी सांगितलं.

आता व्हिसा. पर्यटक व्हिसासाठी तिथल्या परवानाधारक एजन्सीकडून निमंत्रणपत्र लागतं. आमच्या धंद्यात त्याला एलओआय म्हणतात. तुमच्या पासपोर्टची प्रत, फोटो आणि व्यवसायाची माहिती एजन्सी सरकारकडे देते. मंजुरीला काही आठवडे लागतात. नकार आला तर कारण सांगत नाहीत, आणि कारण विचारून उपयोगही नसतो. तुमच्यापैकी कुणी वर्तमानपत्रात, पोलिसात, लष्करात किंवा मानवी हक्कांच्या संस्थेत काम केलं असेल तर नकाराची शक्यता वाढते. तरीही लपवू नका, खोटं लिहून घेणाऱ्या एजन्सीलाच त्याचा जाब द्यावा लागतो. ई-व्हिसाचा कायदा 2025 मध्ये झालाय, पण तुमच्या तारखांना प्रत्यक्षात कोणता नियम लागू आहे हे एजन्सीकडून लेखी घ्या. पत्र हातात येईपर्यंत रद्द न होणारी तिकिटं काढू नका.

यात अनेक जण एक साधी गोष्ट विसरतात. खीव्याहून तुर्कमेनिस्तानात जाऊन तुम्ही बुखाऱ्याकडे परत उझबेकिस्तानात येणार, म्हणजे उझबेकिस्तानचा ई-व्हिसा दुहेरी प्रवेशाचा हवा. एकेरी घेतलात तर परतीच्या सीमेवर अडकाल.

खीव्याहून शावात–दाशोगुझ ही सीमा जवळ पडते. दोन चौक्यांच्या मधल्या पट्ट्यात मिनीबस चालते, तिचे थोडे पैसे रोख द्यावे लागतात. बॅगा बारकाईने तपासतात. तुमच्या वयात औषधांची पिशवी मोठी असणार, म्हणून मुद्दाम सांगते: ट्रॅमाडॉल आणि कोडीन असलेलं काहीही नेऊ नका, अगदी खोकल्याचं औषधसुद्धा वाचून घ्या. झोपेची किंवा मन शांत ठेवण्याची गोळी नियमित लागत असेल तर डॉक्टरांची चिठ्ठी इंग्रजीत, मूळ वेष्टणासह ठेवा. पैसे डॉलरमध्ये, नव्या आणि न दुमडलेल्या नोटांत न्या. कार्डावर विसंबू नका. तिथल्या चलनाचं नाव ‘मनात’. सरकारी दर 2015 पासून एका डॉलरला साडेतीन ‘मनात’ इतकाच ठेवलेला आहे. काळ्या बाजारात त्याच्या कितीतरी पट मिळतात. त्या दोन दरांमधली दरी हेच तिथल्या सामान्य माणसाच्या महागाईचं मोजमाप आहे. बाजारात कुणी कानात येऊन दर सांगितला तर नको म्हणा. तो गुन्हा आहे, आणि तुमच्यासोबत पकडला जाणारा माणूस स्थानिकच असेल.

मोकळं फिरता येतं का? पर्यटक व्हिसावर शहराबाहेर गाइडशिवाय जाता येत नाही. राजधानी आश्गाबातमध्ये दिवसा हॉटेलच्या आसपास, बागेत, बाजारात तुम्ही दोघं चालू शकता. रात्री अकरानंतर शहर बंद होतं, तेव्हा खोलीतच राहा. व्हॉट्सॲप, फेसबुक, यूट्यूब, इन्स्टाग्राम चालत नाही. घरच्यांना आधीच सांगून ठेवा की पाच-सहा दिवस निरोप आला नाही तर घाबरू नका. इमो नावाचं ॲप तिथे चालतं, आणि तुर्कस्तानात मजुरीला गेलेल्या मुलांशी तिथल्या आया त्यावरच बोलतात. व्हीपीएन, म्हणजे बंद केलेल्या साइट उघडून देणारं ॲप, टाकून घ्या असा सल्ला तुम्हाला पुष्कळ जण देतील. मी देत नाही. तिथे त्याला बंदी आहे, आणि हॉटेलच्या रिसेप्शनवरच्या मुलीला तुम्ही त्याबद्दल दोन शब्द जरी विचारले तरी ती अडचणीत येते.

आश्गाबात बघून तुम्ही थक्क व्हाल, यात शंका नाही. 2013 साली गिनेस बुकात नोंद झाली ती 543 नव्या इमारतींची, ज्यांना मिळून 45 लाख चौरस मीटरहून जास्त पांढरा संगमरवर लावलेला आहे. विमानतळ उडत्या ससाण्याच्या आकाराचा, 2016 साली उघडला. पहिले राष्ट्राध्यक्ष नियाझोव यांचा बारा मीटरचा सोनेरी पुतळा एका तिवईसारख्या कमानीवर उभा आहे. पूर्वी तो दिवसभर सूर्याकडे तोंड करून फिरायचा, 2010 साली कमान शहराच्या मधून उचलून दक्षिणेच्या टोकाला नेली, तेव्हापासून फिरत नाही. दुसरे राष्ट्राध्यक्ष बेर्दिमुहामेदोव हे मूळचे दंतवैद्य. त्यांचा घोड्यावर बसलेला पुतळा 2015 पासून संगमरवरी कड्यावर आहे, सोन्याच्या वर्खात मढवलेला. 2020 साली अलाबाय जातीच्या कुत्र्याचाही सोनेरी पुतळा उभा राहिला. 2022 पासून गादीवर मुलगा सेर्दार आहे. वडील ‘अर्कादाग’, म्हणजे पाठीराखा, ही पदवी घेऊन अजूनही सर्वांच्या वर बसलेले आहेत, आणि त्याच नावाचं एक नवं कोरं शहर 2023 मध्ये राजधानीजवळ वसवलं गेलं.

आमच्या लोकांचा पहिला प्रश्न नेहमी एकच असतो: एवढे रस्ते, एवढ्या इमारती, मग माणसं कुठे आहेत? सकाळी सहाला उठून खिडकीतून बघा. डोक्याला आणि तोंडाला रुमाल गुंडाळलेल्या बायका हातात खराटा घेऊन त्या सहापदरी रस्त्यांच्या कडा झाडत असतात. डोळे तेवढे दिसतात. शहर जागं होईपर्यंत त्या निघून गेलेल्या असतात. ती स्वच्छता कुणाच्या हातची आहे हे बघायचं असेल तर तेवढाच वेळ आहे. आणि जिथे तो संगमरवर उभा आहे त्यातल्या कित्येक ठिकाणी पूर्वी माणसांची बैठी घरं होती. 2017 साली आशियाई इनडोअर खेळ आश्गाबातला झाले. त्याच्या आधीच्या वर्षांत तिथे वस्त्याच्या वस्त्या पाडल्या गेल्या, अनेकांना पुरेशी भरपाई मिळाली नाही, आणि हे मानवी हक्क संघटनांनी उपग्रहाच्या छायाचित्रांसह मांडलेलं आहे.

इथे मला एक गोष्ट मनापासून सांगायची आहे, कारण ती मी जवळजवळ प्रत्येक ग्रुपमध्ये ऐकते. बसमध्ये परतताना कुणीतरी म्हणतंच, “काय शिस्त आहे हो! आपल्याकडे असाच एक कडक माणूस पाहिजे.” कृपा करून असं म्हणू नका, गाइडसमोर तर मुळीच नाही. त्याला हिंदी-मराठी कळत नसलं तरी सूर कळतो. त्या शिस्तीचा हिशोब असा आहे. नियाझोव यांनी 2002 साली वर्षाच्या महिन्यांची नावं बदलली, जानेवारीला स्वतःची पदवी आणि एप्रिलला आपल्या आईचं नाव दिलं. ‘रुहनामा’ हा त्यांचा स्वतःचा ग्रंथ शाळेपासून वाहन परवान्यापर्यंत सगळीकडे सक्तीचा केला. 2004 साली सुमारे 15,000 आरोग्य कर्मचाऱ्यांना घरी पाठवून त्यांच्या जागी लष्करातले भरती जवान लावले. 2006 च्या सुरुवातीला एक लाखाहून अधिक म्हाताऱ्या माणसांचं निवृत्तिवेतन एका आदेशाने थांबलं. तुम्ही दोघं पेन्शनवर जगता. एका सकाळी बँकेत गेलात आणि खात्यात काहीच नाही, आणि का नाही हे विचारायला कोणतंही दार नाही, अशी कल्पना करून बघा. पुढच्या राष्ट्राध्यक्षांनी ते परत सुरू केलं, महिन्यांची जुनी नावंही 2008 मध्ये परत आली. पण मधल्या काळात गेलेली म्हातारी माणसं परत आली नाहीत.

लोकांशी बोलता येतं का, या तुमच्या प्रश्नाचं उत्तर हो आहे, आणि त्यासाठीच जावं असं माझं मत आहे. फक्त काय बोलायचं ते त्यांना ठरवू द्या. राष्ट्राध्यक्ष, पगार, महागाई, धर्म, निवडणूक, नात्यातलं कोण परदेशात आहे, हे विषय तुम्ही काढायचे नाहीत, कितीही सहज वाटलं तरी. गाडीत तर नाहीच. गाइड आणि ड्रायव्हर एकमेकांचे मित्र असतील असं धरून चालू नका. दोघांनाही दुसऱ्याविषयी विचारलं जाऊ शकतं. हॉटेलच्या खोलीतही तसंच गृहीत धरा. गाइडने एखाद्या प्रश्नावर पाठ केलेलं उत्तर दिलं, आकडे, सालं, ‘आमच्या आदरणीय नेत्यांच्या कृपेने’ वगैरे, तर ते ऐकून घ्या आणि मान हलवा. त्याला उघडं पाडण्यात काहीही शौर्य नाही. तो खोटं बोलत नसतो, स्वतःला आणि घरच्यांना सांभाळत असतो.

मग बोलायचं काय? भाकरीवर बोला. तिथली चोरेक नावाची जाड गोल रोटी तंदूरमध्ये भाजतात, ती कधी पालथी ठेवत नाहीत आणि तिचा तुकडा जमिनीवर पडू देत नाहीत. आपल्याकडे अन्नाला पाय लागला तर नमस्कार करतात हे सांगा, बघा चेहरा कसा खुलतो. गालिच्यांवर बोला, प्रत्येक टोळीचं नक्षीचं फूल वेगळं असतं. घोड्यांवर बोला, आखाल-तेके जातीच्या घोड्याच्या अंगावर धातूसारखी चमक असते आणि त्याच्याबद्दल तुर्कमेन माणूस तासभर न थांबता बोलतो. टरबूज आणि खरबुजांचा तर त्यांच्याकडे ऑगस्टमध्ये स्वतंत्र सण असतो. सोव्हिएत काळात वाढलेली माणसं राज कपूरचं नाव घेतील आणि काकूंना गाणं म्हणायचा आग्रह करतील. म्हणा. त्यात कुणाचंही नुकसान नाही. आणखी एक धागा आहे: अकबराचा पालक बैरामखान हा तुर्कमेन वंशाचा, तुर्कीत कविता लिहिणारा, आणि तिथले लोक त्याला आपला कवी मानतात. त्याचा मुलगा म्हणजे आपण शाळेत ज्याचे दोहे शिकलो तो रहीम, जो पुढे अहमदनगरच्या निजामशाहीवर चालून आला. हे मी एकदा मेर्वला सांगितलं तर आमच्या वयस्कर गाइडबाईंनी बैरामखानाच्या ओळी म्हणून दाखवल्या. एरवी त्या दिवसभर पाठ केलेलंच बोलत होत्या.

मेर्वविषयी थोडक्यात. रेशीममार्गावरचं हे एके काळचं महानगर 1221 साली मंगोलांनी धुळीला मिळवलं. आज मैलोन् मैल मातीचे ढिगारे आहेत, आणि त्यांच्या मधोमध सुलतान संजारची बाराव्या शतकातली कबर. तुम्हाला इतिहासाची आवड असेल तरच तिकडचे दोन दिवस घाला, नाहीतर कोनेउर्गेंच या जुन्या शहराचा साठ मीटर उंच मिनार रस्त्यातच आहे, तो पुरेसा आहे.

खड्डा. दरवाझाचा हा खड्डा आश्गाबातच्या उत्तरेला सुमारे 260 किलोमीटरवर, काराकुम वाळवंटात आहे. रुंदी साठ-सत्तर मीटर. 1971 साली सोव्हिएत भूगर्भशास्त्रज्ञांच्या खोदकामात जमीन खचली आणि वायू जाळून टाकण्यासाठी आग लावली, ती विझलीच नाही, अशी कथा सगळे सांगतात. ठोस कागद मात्र कुणाकडे नाही. तुम्ही ज्या फोटोंवर भुलला आहात ते जुने आहेत हे लक्षात घ्या. 2022 साली सरकारने तो विझवायचं ठरवलं, आजूबाजूच्या विहिरींतून वायू काढून घेतला, आणि 2025 मध्ये अधिकाऱ्यांनी स्वतःच सांगितलं की ज्वाळा एक तृतीयांशावर आल्या आहेत. तरीही रात्री तिथे जावं. युर्टमध्ये, म्हणजे तिथल्या गोल तंबूत, मुक्काम करा, जाड जाकीट न्या, ऑक्टोबरात वाळवंटातली रात्र गार असते. काठाजवळची जमीन भुसभुशीत आहे, पुढे सरकून फोटो काढू नका.

रस्त्यात गाइड बहुधा सांगणार नाही ते मी सांगते. खड्ड्याला ज्याचं नाव आहे ते दरवाझा गाव 2004 साली नियाझोव यांच्या आदेशावरून उठवण्यात आलं. पर्यटकांच्या डोळ्यांना ते बरं दिसत नाही, हे कारण सांगितलं गेलं. पर्यटक म्हणजे तुम्ही आणि मी. आणि याच वाळवंटात, राजधानीपासून सुमारे 70 किलोमीटरवर, ओवादान-देपे नावाचा तुरुंग आहे. नोव्हेंबर 2002 मध्ये नियाझोव यांच्यावर हल्ला झाल्याचं जाहीर झालं आणि नंतर जी धरपकड झाली तिच्यात माजी परराष्ट्रमंत्री बोरिस शिखमुरादोव होते. त्यांना शिक्षा झाली, आणि ते जिवंत आहेत की नाहीत हे घरच्यांना आजपर्यंत अधिकृतपणे कळलेलं नाही. असे शंभराहून अधिक कैदी आहेत ज्यांच्यासाठी बाहेरचे कार्यकर्ते गेली कित्येक वर्षं एकच मागणी करतात: ते जिवंत आहेत हे दाखवा. तुम्ही तिकडून जाताना गप्प बसा, प्रश्न विचारू नका, पण हे माहीत असलेलं बरं.

तुम्ही ऑक्टोबरात जाताय म्हणून कापसाचं सांगायला हवं. तो वेचणीचा हंगाम आहे. मेर्वजवळच्या मारी शहराच्या बाजूला गेलात तर रस्त्याच्या दोन्ही बाजूंना शेतात वाकलेली माणसं दिसतील, त्यात सगळे शेतकरी नसतात. शिक्षक, दवाखान्यातले कर्मचारी, सरकारी कचेऱ्यांतले कारकून यांना वेचणीला जावं लागतं, नाहीतर बदली माणसाचे पैसे भरावे लागतात. याच सक्तीच्या मजुरीमुळे अमेरिकेने 2018 मध्ये तुर्कमेन कापसाच्या आयातीवर बंदी घातली. विदर्भातून आलेल्या माणसाला कापूस दिसला की हात आपोआप कॅमेऱ्याकडे जातो, मला माहीत आहे. तिथे तो जाऊ देऊ नका. गास्पार मातालायेव नावाच्या तुर्कमेन माणसाने ही सक्ती टिपून बाहेर कळवली होती. 2016 च्या ऑक्टोबरमध्ये त्याला अटक झाली आणि तीन वर्षांची पूर्ण शिक्षा भोगून तो 2019 मध्ये सुटला. तुमचा फोटो ही तुमच्यासाठी आठवण असते. ज्या गाडीतून तो काढला गेला त्या ड्रायव्हरला मात्र नंतर त्याबद्दल विचारलं जाईल.

फोटोंचा नियम म्हणून सोपा ठेवा. राष्ट्राध्यक्षांचा महाल, मंत्रालयं, पोलीस, सैनिक, विमानतळ, सीमा, रांगा, झाडूवाल्या बायका, शेतातली माणसं: नाही. स्मारकं, जेवण, घोडे, मिनार, खड्डा: हवे तेवढे. माणसाचा फोटो त्याला विचारून, आणि विचारून काढला तरी परत आल्यावर लगेच सगळीकडे टाकू नका. गाइडचं नाव, चेहरा, त्याने खाजगीत सांगितलेलं काहीही कधीच नाही. गालिचा घेतलात तर बाहेर नेण्यासाठी तज्ज्ञ समितीचं प्रमाणपत्र लागतं. एजन्सीकडून ते पहिल्याच दिवशी विचारून घ्या, शेवटच्या दिवशी मिळत नाही.

जाणं बरोबर आहे का, हा तुमचा प्रश्न मी मुद्दाम मागे ठेवला, कारण त्यावर मी स्वतः अनेक वर्षं विचार करते आहे. तुमच्या पैशातला काही भाग सरकारकडे जाणार, व्हिसाचं शुल्क, सरकारी हॉटेल, हे टाळता येत नाही. पण त्या राजवटीचं पोट पर्यटनावर भरत नाही. जगातल्या सर्वांत मोठ्या वायुसाठ्यांपैकी एक त्यांच्याकडे आहे आणि तो वायू मुख्यतः चीन घेतो. तुम्ही गेला नाहीत तर महालातल्या कुणाचंही काही बिघडणार नाही. बिघडेल ते युर्टमध्ये सूप करणाऱ्या बाईचं आणि महिन्यातून एखादाच ग्रुप मिळणाऱ्या त्या गाइडचं. दुसरी बाजूही आहे. सणाच्या दिवशी सरकारी टीव्हीचा माणूस माइक घेऊन तुमच्यासमोर येईल आणि आमचा देश कसा वाटला विचारेल. तिथे तुमचा चेहरा त्यांना वापरू देऊ नका. भाषा येत नाही म्हणा, हसा, पुढे चला. टिप भरपूर द्या, डॉलरमध्ये, पाकिटात घालून, चारचौघांत नाही. ज्यांना हे जमणार नाही, ज्यांना प्रत्येक ठिकाणी मनातलं बोलल्याशिवाय चैन पडत नाही, त्यांना मी स्पष्ट सांगते की तुम्ही समरकंदवरून परत फिरा. ते वाईट नाहीत. पण त्यांच्या तोंडातून निघालेल्या एका वाक्याने तिथला दुसराच कुणीतरी अडकू शकतो, आणि तो धोका घेण्याचा अधिकार मला नाही.

तारखांचं राहिलं. तुम्ही ऑक्टोबर म्हणालात, तर शक्य असेल तर 6 ऑक्टोबरला आश्गाबातमध्ये असा. 1948 साली त्या तारखेला मध्यरात्रीनंतर एकच्या सुमारास भूकंप झाला आणि शहर जवळजवळ संपूर्ण कोसळलं. मृतांचे अंदाज दहा हजारांपासून एक लाख दहा हजारांपर्यंत जातात, कारण सोव्हिएत सरकारने ते कधी नीट सांगितलंच नाही. नियाझोव तेव्हा आठ वर्षांचे होते, त्यांची आई आणि भाऊ त्यातच गेले. आता तो दिवस देशाचा स्मरणदिन आहे. स्मारकात एक प्रचंड बैल शिंगांवर पृथ्वी उचलून हलवतोय, आणि एक आई फुटलेल्या जमिनीतून आपलं बाळ वर धरते आहे.

एका सहलीत माझ्यासोबत औसा तालुक्यातले एक गृहस्थ होते. किल्लारीचा भूकंप झाला तेव्हा, 30 सप्टेंबर 1993 ला, ते वीस-बावीस वर्षांचे होते. चुलत्यांचं अख्खं घर त्यांनी स्वतःच्या हातांनी उकरलं होतं. चार दिवस त्यांनी गाइडला एकही प्रश्न विचारला नव्हता. त्या बैलासमोर उभं राहून ते मला म्हणाले, “ताई, त्याला सांगा, आमच्याकडे बैल नाही, शेषनाग डोकं हलवतो म्हणतात.” मी सांगितलं. मग त्यांनी किल्लारी सांगितलं, पहाटे चारचा सुमार, माळवदाची घरं, मातीचा जाड थर, आवाज कसा आला. मी इंग्रजीत करत होते, पण गाइड माझ्याकडे बघत नव्हता, त्यांच्याकडे बघत होता. त्यानंतर तो आपल्या आजीचं बोलला. ती त्या रात्री उकाड्यामुळे अंगणात झोपली होती म्हणून वाचली, आत झोपलेले कुणी वाचले नाहीत, आणि पुढे आयुष्यभर ती कधी छताखाली गाढ झोपली नाही. औशाचे गृहस्थ म्हणाले, माझी आईपण. त्या अर्ध्या तासात ड्रायव्हरही गाडीतून उतरून आमच्याजवळ येऊन उभा राहिला होता.